अस्तरातला कागद

मी एक जुना काळा गळपट्टा आहे. रेशमी, दुपदरी, वीतभर रुंद. पाद्र्याच्या पांढऱ्या झग्यावर, मानेवरून उपरण्यासारखा दोन्ही बाजूंनी गुडघ्यापर्यंत लोंबायचं, हे माझं काम. आता मी थॉर्नकोट गावच्या चर्चमध्ये एका काचेच्या पेटीत पडून आहे. पडून आहे म्हणतो खरा, पण स्वस्थ पडणं माझ्या जन्मात लिहिलेलं नाही. पेटीचं झाकण नीट बसत नाही. फटीतून वारा आला की माझं टोक हलतं, आणि बघायला आलेली मुलं ओरडतात, "बाई, बाई, तो हलला!" बाई म्हणतात, "वारा आहे रे." वारा आहेच. पण मित्रांनो, नुसता वारा नाही.

माझा जन्म एकोणीसशे एकवीस साली, मिसेस केझाया गार्बेट यांच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर झाला. त्या गावचं शिवणकाम करत. नवरा कधीच वारलेला, अंगाने काटकुळ्या, आणि जीभ कात्रीपेक्षा धारदार. गावात नवे पाद्री येणार होते, रेव्हरंड अँब्रोज टिल्नी. हे पाद्री आधी लष्करात कॅप्टन होते. पहिल्या महायुद्धात भर गोळीबारात त्यांनी दोन जखमी शिपाई पाठीवर घालून माघारी आणले, म्हणून त्यांना पांढऱ्या-जांभळ्या फितीचं चांदीचं पदक मिळालं होतं. त्यांच्याच कंपनीत थॉर्नकोटची पाच पोरं होती. सतरा सालच्या एकाच हल्ल्यात पाचही गेली. त्यातलाच एक विल्फ, मिसेस गार्बेटचा एकुलता एक.

तर नव्या पाद्र्यांना गावाकडून भेट म्हणून मी शिवला जात होतो. तीन बाजू शिवून झाल्या. मग मिसेस गार्बेटनी एप्रनच्या खिशातून एक जुनं पत्र काढलं. कॅप्टन टिल्नींनी आघाडीवरून त्यांना लिहिलेलं. त्यातल्या दोन ओळी त्यांनी कात्रीने कापल्या, कागदाची ती पट्टी माझ्या दोन पदरांच्या मध्ये सरकवली आणि चौथी बाजू बारीक टाक्यांनी बंद केली. ओठांत टाचण्या धरून त्या पुटपुटल्या, "तुमचं तुमच्यापाशीच राहू दे, कॅप्टनसाहेब."

मला वाटलं, माया. मी तासाभराचा पोर, मला काय कळणार?

कागदावर लिहिलं होतं: "गोळी लागली त्याच क्षणी तो गेला. त्याला कसल्याही वेदना झाल्या नाहीत."

हे साफ खोटं होतं. ते मला पहिल्याच महिन्यात कळलं. उपासनेआधी चर्चमागच्या खोलीत पाद्री कपडे चढवतात. टिल्नीसाहेब तिथे एकटे असले की स्वतःशी बोलत, आणि ऐकायला फक्त मी. दोन जखमी आणल्यावर ते तिसऱ्यांदा सरपटत गेले होते, विल्फसाठी. विल्फच्या पोटात गोळी होती, त्याला हलवता येईना. दोघं एका खड्ड्यात पडून राहिले. सकाळपासून चहाच्या वेळेपर्यंत विल्फ जिवंत होता, शुद्धीवर होता, बोलत होता. आणि त्याने आईसाठी एक निरोप दिला होता.

मायलेकरांचं भांडण झालेलं होतं. पोरगा सतराचा, वय वाढवून सांगून भरती झाला. प्रशिक्षण संपवून आघाडीवर निघायच्या दिवशी आई म्हणाली, "गेलास तर या दाराशी पुन्हा येऊ नकोस," आणि निरोप द्यायला बाहेर आली नाही. पण आदल्या दिवशी तिने गुपचूप त्याच्या पिशवीत, मोज्यांच्या खाली, शहाजिऱ्याचा केक ठेवला होता. त्याला तो मिळाला की नाही, तिला कधी कळलं नाही. तो पत्र लिहिणारा नव्हता, आणि तीन आठवड्यांत गेला. त्या खड्ड्यात त्याने कॅप्टनचा हात धरून सांगितलं होतं, "आईला सांगा, केक मिळाला."

आता टिल्नीसाहेबांची चूक बघा. त्या संध्याकाळी त्यांना थॉर्नकोटच्या पाच आयांना पाच पत्रं लिहायची होती. सगळेच अधिकारी तेव्हा एकच वाक्य लिहीत, तसंच त्यांनी लिहिलं. क्षणात गेला, वेदना नाहीत. हेतू चांगला होता, ते मीही मानतो. पण क्षणात गेलेला माणूस निरोप देत नाही. एका वाक्याने त्यांनी विल्फचं तोंड बंद केलं, आणि पुढे स्वतःचंही.

ते थॉर्नकोटला आले ते खरं सांगायलाच. बिशपकडे हट्ट करून त्यांनी हेच गाव मागून घेतलं होतं. पहिल्याच रविवारी मला गळ्यात घालून ते मिसेस गार्बेटकडे चहाला गेले. बाईंनी पुढ्यात केक ठेवला. शहाजिऱ्याचा.

"घ्या, कॅप्टनसाहेब. आमच्या विल्फच्या आवडीचा."

साहेबांनी तुकडा मोडला. तो काही घशाखाली उतरेना.

"तुमच्या त्या पत्रावर मला झोप लागते बघा," बाई म्हणाल्या. "वेदना झाल्या नाहीत, असं तुम्ही लिहिलंत. तो काही बोलला होता का हो शेवटी?"

साहेबांनी तुकडा बशीत ठेवला. मी त्यांच्या छातीवर होतो, मला ठोके कळत होते. या बाईची झोप काढून घ्यायची? आणि बदल्यात द्यायचं काय, एक केकाचा निरोप आणि दिवसभराचं तळमळणं?

"नाही हो," ते म्हणाले. "वेळच नव्हता."

"असं," बाई म्हणाल्या आणि किटली आणायला उठल्या.

मित्रांनो, तेव्हापासून मी बेचैन आहे.

दर वर्षी नोव्हेंबरात युद्धात गेलेल्यांच्या आठवणीची उपासना असते. त्या दिवशी पूर्वी लष्करात असलेल्या पाद्र्याने काळ्या गळपट्ट्यावर आपली पदकं लावायची, अशी रीत आहे. टिल्नीसाहेब लावायला तयार नसत. पण चर्चचे कारभारी मिस्टर प्रीस यांच्यापुढे कुणाचं चाललंय? हा लालबुंद गालांचा खाटीक दर वर्षी दारात येऊन उभा राही.

"पाद्रीसाहेब, पदक! पलीकडच्या गावचा पाद्री अख्ख्या युद्धात घोड्यांना दाणा वाटत होता, तरी तीन-तीन बिल्ले लावून मिरवतो. आणि आमचा खरा हिरा मोज्यांच्या खणात!"

"प्रीस, मला ते टोचतं हो."

"टोचतं तर टोचू दे. तुम्हाला टोचलं तर गावाची मान वर होते."

मग ते पदक माझ्या डाव्या बाजूला लागे. पिन नेमकी त्या कागदातून जाई, आणि खर्र आवाज होई. साहेबांना वाटे, आत कडकपणासाठी काही घातलं असेल. गावातले लोक पदक पाहून टोप्या काढत, मुलं बोटं दाखवत. माझी काय शान होती म्हणून सांगू! आणि माझी काय चडफड होती, तेही सांगायला हवं. आतून मी ओरडत असे, अहो, उसवा मला! पण कापडाचं ओरडणं ऐकतो कोण?

उपासना झाली की ते मिसेस गार्बेटकडे जात. तोच केक. तोच प्रश्न. "तो काही बोलला होता का हो?" तेच उत्तर. अठरा वर्षं हे चाललं. या काळात साहेबांनी गावातल्या कुणाचं काय केलं नाही? आजाऱ्यांच्या उशाशी बसले, दारुड्यांना घरी पोचवलं, प्रीसच्या बायकोच्या न्यूमोनियात आठ दिवस त्यांच्या दुकानात उभं राहून मटण कापलं आणि दोनदा स्वतःचं बोट कापलं. चांगला माणूस. पण चालताना सारखे मागे वळून बघत, कुणी हाक मारल्यासारखे. एका जागी बसत नसत. प्रवचनात थांबून खिडकीकडे बघत राहत. लोक म्हणत, युद्धावरून आलेली माणसं असतात अशी.

मग दुसरं महायुद्ध सुरू झालं. सेहेचाळीस वर्षांचे टिल्नीसाहेब दुसऱ्याच आठवड्यात लष्करात पुन्हा दाखल झाले, या वेळी बंदुकीशिवाय, फौजेचे पाद्री म्हणून. निघताना मिसेस गार्बेट फाटकाशी आल्या होत्या. त्यांनी मला नीट घडी घालून साहेबांच्या पिशवीत ठेवलं आणि म्हणाल्या, "हा सांभाळा. शिवण कच्ची झाली की माझ्याकडे आणा, दुसऱ्या कुणाकडे देऊ नका."

चव्वेचाळीस साली आम्ही इटलीत होतो. उघड्या शेतात, जीपच्या बॉनेटवर पांढरं कापड घातलं की झालं चर्च. जीप चालवायला कॉर्पोरल नेड हॉचकिस होता. घरी लीड्सला त्याचा धंदा शिंप्याचा. तोंड सतत चालू. पाद्र्याशी कसं बोलावं याची त्याला फिकीर नव्हती, आणि साहेबांना तो त्यासाठीच आवडायचा.

एके दिवशी दुपारी, जखमींच्या गाडीचं दार लावताना मी त्यात अडकलो आणि टर्रकन फाटलो. हातभर शिवण उसवली.

"काय हे, पाद्री!" हॉचकिस ओरडला. "देवाचा माल असा वापरतात? आणा इकडे."

साहेब म्हणाले, "अरे, एका बाईंनी सांगितलंय, दुसऱ्याकडे देऊ नका म्हणून."

"ती बाई इटलीत आहे का? नाही ना? मग द्या."

तो गाडीच्या चिखलाने भरलेल्या पायरीवर बसला, मला मांडीवर घेतलं, सुई ओवली. आणि थांबला. "पाद्री, यात कागद आहे. सगळा पिनांनी भोसकलेला." त्याने तो काढून वाचला. "कुणाचं अक्षर आहे हे?"

साहेबांनी कागद हातात घेतला. आपलंच अक्षर, तेविसाव्या-चोविसाव्या वर्षाचं, घाईचं. ते तिथेच चिखलात खाली बसले. म्हणजे बाईंनी हे गळ्यात बांधलं होतं. अठरा वर्षं आपण ते अंगावर घेऊन त्यांच्याच पुढ्यात बसत होतो.

हॉचकिसने पाणी आणून दिलं. साहेबांनी त्याला सगळं सांगितलं, खड्डा, केक, पत्र. सत्तावीस वर्षांत कुणाला सांगितलं नव्हतं, ते एका शिंप्याला.

"मग पत्र टाका ना त्यांना आजच्या आज," हॉचकिस म्हणाला.

"पत्रानंच तर घोळ घातला, नेड. पुन्हा पत्र नको. मी जाऊन सांगणार."

"किती वय आहे त्यांचं?"

"अठ्ठ्याहत्तर."

हॉचकिसने डोकं खाजवलं. "मग युद्धाला म्हणावं, आवर जरा लवकर."

तिथून पुढे साहेबांची जी तगमग सुरू झाली, ती मी बघितली आहे. त्यांनी रजा मागितली, मिळाली नाही. पुन्हा मागितली, वरून निरोप आला की पाद्री कमी आहेत आणि मरणारे जास्त. गावाहून प्रीसचं पत्र आलं: मिसेस गार्बेटच्या छातीत कफ झाला आहे, हिवाळा काढतील असं वाटत नाही. ते पत्र साहेब खिशात घालून फिरत, दिवसातून दहा वेळा काढून बघत, जणू मजकूर बदलणार होता. आणि त्याच हातांनी त्यांना इतरांच्या आयांना पत्रं लिहावी लागत.

पण आता ती पत्रं वेगळी होती. माहीत नसेल तिथे ते "मला माहीत नाही" असं लिहीत. एका रणगाड्यावरच्या पोराच्या बायकोला त्यांनी लिहिलं, "तो दोन तास जिवंत होता. त्याला त्रास झाला. मी जवळ होतो. त्याने तुमचं नाव घेतलं आणि सायकल विकू नकोस असं सांगितलं." महिन्याने तिचं उत्तर आलं. "तुम्ही हे लिहिलंत त्याबद्दल मी तुम्हाला माफ करू शकत नाही. सायकल ठेवली आहे." साहेबांनी ते किती वेळा वाचलं, मला मोजता आलं नाही.

हॉचकिसने मला शिवलं, पण कागद होता तिथली वीतभर जागा त्याने मोकळीच ठेवली आणि कागद परत आत घातला. "हे माझं काम नाही," तो म्हणाला. "ज्यांनी घातला, त्यांनीच काढायचा."

पंचेचाळीस सालच्या नोव्हेंबरात आम्ही थॉर्नकोटच्या स्टेशनावर उतरलो. शनिवार होता, कडाक्याच्या थंडीची दुपार. प्रीस घोडागाडी घेऊन आला होता. "आहेत," पहिलाच शब्द तो बोलला. "दोनदा गेल्यात जमा होत्या. डॉक्टरला म्हणाल्या, एक काम राहिलंय, मग बघू."

साहेब घरी गेलेच नाहीत. पिशवी हातात, बुटांना परदेशी माती, तसेच मिसेस गार्बेटच्या स्वयंपाकघरात. त्या शेगडीजवळ शालीत गुंडाळून बसल्या होत्या, पूर्वीच्या निम्म्या. साहेबांनी मला टेबलावर पसरलं. मी जन्मलो होतो त्याच टेबलावर. मोकळ्या शिवणीतून त्यांनी कागद काढला आणि बाईंच्या पुढे ठेवला.

"शिवण उसवली वाटतं," बाई म्हणाल्या.

"मिसेस गार्बेट, हे खोटं आहे."

"माहीत आहे."

साहेब खुर्ची ओढून समोर बसले.

"एकोणीस साली गावात स्मारकाचा दगड बसवला," बाई म्हणाल्या, "तेव्हा आम्ही पाची जणी चहाला बसलो होतो. मिसेस बेबनी पत्र काढलं. मग मी काढलं. मग सगळ्यांनी. पाच पत्रं ओळीनं मांडली टेबलावर. पाचांत एकच वाक्य. पाच पोरं, पाचही क्षणात गेली, पाचांनाही वेदना नाहीत! मिसेस बेबनी आपलं उचलून बायबलात ठेवलं. पुन्हा त्यावर कुणी चकार शब्द काढला नाही."

"मग मला विचारत का होतात? दर वर्षी?"

"तुम्ही केकाचा तुकडा मोडायचात आणि तुमचा चेहरा पांढरा व्हायचा, म्हणून. साध्या केकाला कोण घाबरतं, कॅप्टनसाहेब? तेव्हाच ओळखलं, यांच्यापाशी माझं काहीतरी आहे. वाट बघत होते, कधी देताय." त्यांचा आवाज चढला. खोकला आला, तरी थांबल्या नाहीत. "अठ्ठावीस वर्षं झाली त्याला जाऊन! माझ्या घरात बसून माझा चहा प्यायलात, आणि माझ्या पोराचं शेवटचं बोलणं खिशात घालून परत जात होतात. लाज नाही वाटली?"

"वाटली," साहेब म्हणाले. "रोज."

"बोला आता."

त्यांनी सांगितलं. सकाळपासून चहाच्या वेळेपर्यंत, सगळं.

"दुखत होतं त्याला?"

"हो. फार."

"रडला?"

"थोडा. तुम्हाला हाका मारत होता. मग शांत झाला. पिशवीतून त्याने केक काढला. खाणं शक्य नव्हतं, नुसता वास घेतला. मला म्हणाला, आईला सांगा, केक मिळाला." साहेब अडखळले. "आणि म्हणाला, याही वेळी शहाजिरं जास्त पडलंय, हेही सांगा."

खोलीत काही हललं नाही. मीसुद्धा नाही.

मग मिसेस गार्बेट हसल्या. आधी नाकातून, मग मोठ्याने, आणि हसता हसता शालीत तोंड घालून रडायला लागल्या. "मेला! लहानपणापासून हेच. जास्त झालंय, जास्त झालंय, आणि ताट चाटूनपुसून साफ! हे तुम्ही बनवून सांगूच शकत नाही. हा माझाच कार्टा."

साहेब गुडघ्यांवर खाली बसले होते. बाईंनी त्यांच्या डोक्यावर हात ठेवला.

"ऊठ, अँब्रोज," त्या म्हणाल्या. इतक्या वर्षांत पहिल्यांदा नाव, आणि पहिल्यांदा अरे-तुरे. "केक खाऊन घे. आज उतरेल घशाखाली."

आणि उतरला. मी पाहिलं.

कागद त्यांनी शेगडीत टाकला. माझी मोकळी शिवण मात्र शिवायला नकार दिला. "राहू दे तशीच. पुन्हा काही लपवायला बघेल तर गळून पडेल." दुसऱ्या दिवशी, रविवारी, प्रीसने त्यांना खुर्चीवर बसवून चर्चमध्ये आणलं. उपासनेआधी साहेब त्यांच्यापाशी आले, पदक हातात होतं. बाईंनी ते माझ्यावर लावलं. "आता लाव," त्या म्हणाल्या. "आता ते तुझं आहे." पिन सरळ रेशमातून गेली. पहिल्यांदाच काही खरखरलं नाही.

त्या आठवड्यात साहेब त्या पाचांपैकी अजून हयात असलेल्या दुसऱ्या दोन आयांच्या दारांवरही गेले. एकीने घरात घेतलं. मिसेस बेबनी दार उघडलं नाही. त्यांच्या पायरीवर ते बराच वेळ उभे होते, आणि परत आले. त्यालाही मी साक्षीदार आहे.

मिसेस गार्बेट नाताळाआधी गेल्या. टिल्नीसाहेब पुढे एकवीस वर्षं जगले. आता आमच्या पेटीवर एक चिठ्ठी आहे: "शूर सैनिक आणि प्रिय पाद्री यांचा गळपट्टा, पदकासह." सगळे पदकच बघतात. कसरीने माझं उजवं टोक खाल्लं आहे. गेल्या उन्हाळ्यात एक नीटनेटक्या बाई सुई-दोरा घेऊन आल्या, उसवलेलं शिवू म्हणून. माझा जीव गोळा झाला. सुदैवाने पेटीची किल्ली सापडली नाही.

मित्रांनो, मला कसरीपासून वाचवा, झाकण नीट बसवा, हे मी सांगणारच. जुनी वस्तू आहे, सांभाळायला हवी. पण ती वीतभर शिवण कुणी शिवायला आलं तर आडवे व्हा. आणि तुमच्यापाशी कुणाचा निरोप राहिला असेल, कुणाचं शेवटचं, कुणाचं छोटंसं, हसू येईल असंसुद्धा काही, तर माझ्यापुढे असे उभे राहू नका. निघा. मी इथेच आहे, मला नंतर बघता येईल. त्या माणसाचं दार आधी वाजवा.